पंक्चरवाल्याची थुंकी

मुरबाड रस्त्यावरचा आमचा पंक्चरवाला तोंडात तंबाखू धरून, हनुवटी आभाळाकडे करूनच बोलतो. वाक्य संपलं की शेजारच्या भिंतीवर पिंक.

मागे माणसांच्या डीएनएचा नकाशा काढणारे संशोधक गावात आले. त्यांनी प्रत्येकाची थुंकी नळीत घेतली.

"थुकीत काय गावनार तुमाला?" यानं त्यांच्यातल्या एका बाईंना विचारलं.

"तुमचे आजे, पणजे, खापरपणजे. सगळ्यांच्या खुणा असतात त्यात."

दुसऱ्या दिवशी मी टायर घेऊन गेलो, तर हा गाल फुगवून गप्प बसलेला.

"अरे, थुंक की," मी म्हणालो.

त्यानं कशीबशी हनुवटी वर केली. "आजा हाय रं यात."

तंबाखू काही सुटली नाही. भिंतही तीच आहे. फक्त हल्ली थुंकायच्या आधी तो पायातल्या चपला काढतो.