शेजारी चौकशी केली असता

हे मी आजवर कुणाला बोललेले नाही. नवऱ्याला नाही, बहिणीला नाही. देवापुढे दिवा लावतानासुद्धा — तिथे तर मी घाईघाईने दुसरंच काहीतरी मागते. मग तुम्हाला का सांगतेय? तुम्ही मला ओळखत नाही, म्हणून असेल. तशी आमच्या बिल्डिंगमध्ये मी तोंडाळ म्हणून प्रसिद्ध आहे. माझ्या तोंडात तीळ भिजत नाही म्हणतात. ही एकच गोष्ट राहिली.

आम्ही विरारला, फुलपाड्यात राहतो. तिसरा मजला, समोरासमोर दोन दारं. समोर संगीता, तिचा नवरा आणि मुलगी प्रणाली. प्रणालीचा सांगलीकडे फिजिओथेरपीला नंबर लागला, तेव्हा संगीता पहिली माझ्याकडे आली. बँकेत शिक्षणासाठी कर्जाचा अर्ज टाकलाय म्हणाली. महिन्याभरात फी भरली नाही तर जागा जाणार होती. मी म्हटलं, छान झालं. मनात काय म्हटलं ते — थांबा, येईल पुढे.

बँकेने अर्ज नाकारला. पत्ता तपासायला माणूस गेला तेव्हा हे लोक तिथे राहत नसल्याचं कळलं, असं कारण दिलं. संगीताने हेलपाटे घातले, रेशनकार्ड दाखवलं, लाइटबिल दाखवलं. रिपोर्ट असा आलाय, आम्ही काय करणार, एवढंच उत्तर. मग प्रकरण वकिलाकडे आणि तिथून हायकोर्टात गेलं. बँकेने कोर्टात दिलेल्या उत्तरातली एक ओळ संगीताने मला वाचून दाखवली — ‘शेजारी चौकशी केली असता सदर कुटुंब तेथे राहत नसल्याचे समजले.’

कोण शेजारी? नाव नव्हतं. मी तो कागद हातात घेऊन दोनदा बघितला.

आता आमच्याकडची रीत सांगते. गळ्यात ओळखपत्र, हातात फाइल असा माणूस जिन्यात दिसला की आम्ही सगळ्याजणी ‘इथे नाही राहत’ म्हणून मोकळ्या होतो. वसुलीवाले येतात ना — कुणाचा मोबाइलचा हप्ता चुकलेला, कुणाचा स्कूटरचा. आज तू मला वाचव, उद्या मी तुला. त्यामुळे संगीता स्वतःच म्हणाली, “कुणीतरी बिचारीने वसुलीवाला समजून सांगितलं असेल, वहिनी. तिचा तरी काय दोष?” मी लगेच हो म्हटलं. काही दिवस तर मलाही तसंच घडल्यासारखं वाटायला लागलं.

पण तसं घडलं नव्हतं.

तो माणूस दुपारी आला. समोर कुलूप, म्हणून त्याने माझी बेल वाजवली. मी त्याला पाणीसुद्धा दिलं. त्याने कार्ड दाखवलं आणि स्पष्ट सांगितलं — मुलीच्या शिक्षणाचं लोन आहे, इथे राहतात एवढं फक्त सांगा, सही वगैरे नको. मी ऐकलं. मला सगळं समजलं. आणि मी म्हटलं, “राहायचे आधी. आता नाही.” त्याने लिहून घेतलं. मी दार लावलं आणि तांदूळ निवडायला बसले.

का? माझी रुपाली प्रणालीपेक्षा हुशार होती. तिलाही पुढे शिकायचं होतं. कर्ज काढून मुलींना कोण शिकवतं, असं म्हणून मीच बारावीनंतर तिचं लग्न उरकलं. तेच समोरच्या घरात होताना मला बघवलं नाही. जळले मी — याला दुसरा शब्द नाही.

पुढे वकिलाने शेजाऱ्याचं प्रतिज्ञापत्र मागितलं. संगीता कुणाकडे येणार? हे कुटुंब नऊ वर्षं माझ्या समोर राहतं, असं त्यात होतं. शब्दन् शब्द खरा. मी सही केली. एकदा तरी थांबले का? नाही. वकिलाकडून येताना रिक्षाचे पैसे तिने मला देऊ दिले नाहीत. “शेजार असावा तर असा,” म्हणाली.

कोर्टाने बँकेचं चुकलं असं सांगितलं, अर्ज पुन्हा विचारात घ्यायला लावला. पण तोवर वर्ष उलटलं होतं, सांगलीची जागा केव्हाच दुसऱ्या कुणाला गेली होती. प्रणाली पुन्हा प्रवेश परीक्षेला बसली नाही. उमेदच गेली पोरीची. आता गोखिवऱ्याला एका कंपनीत बाटल्यांवरची लेबलं तपासते.

मागच्या महिन्यात ती जिन्यात भेटली. दोघीच होतो. म्हणाली, “काकू, एक विचारू? तो बँकवाला आला त्या दिवशी तुम्ही घरी होता का?”

हिला कळलंय का? तेव्हा बोलता आलं असतं — ऐकायला तीच तेवढी होती. मी म्हटलं, “नाही गं, पापडीला बहिणीकडे गेले होते.”

तिने मान हलवली. “मला वाटलंच. तुम्ही असता तर हे झालंच नसतं.”

मी म्हटलं, “हो ना.”