कपाटातला तिसरा टेक

तिसऱ्या टेकमध्ये बायकोचं काम करणारी ऋजुता "निखिल, दार उघड" असं ओरडत होती. गोष्टीतल्या नवऱ्याचं नाव विक्रांत. निखिल हा आमचा दिग्दर्शक.

मी एडिटर. शूटिंगवरून आलेले तुकडे जोडून एपिसोड उभा करणं हे माझं काम. ही वेब सिरीज सायकॉलॉजिकल हॉरर, म्हणजे भूत घरात नसतं, डोक्यात असतं. निर्माते तिला 'साउथ एशियन' म्हणायचे. शूटिंग सगळं पुण्यात, वारज्यातल्या एका फ्लॅटमध्ये. पहिल्याच एपिसोडमध्ये नवरा बायकोला कपाटात कोंडतो आणि नंतर शांतपणे सांगतो, "दार उघडंच होतं. तुला भास झाला."

मी आवाज वाढवून टेक पुन्हा ऐकला. बाहेरून कडी लावल्याचा आवाज स्पष्ट होता. आधीच्या दोन टेकमध्ये तो नव्हता. ऋजुता रडत होती, दारावर लाथा मारत होती. बाहेर कोणीतरी हसलं.

निखिलला विचारलं.

"अहो मॅडम, आधीचे दोन फारच ॲक्टिंग वाटत होते," तो म्हणाला. "म्हणून सरप्राइज दिलं. रिअल फिअर मिळाली की नाही?"

"तिला आपण ॲक्टिंगसाठीच बोलावलं होतं ना?"

"तुम्ही एडिटर लोक फार टेक्निकल विचार करता."

कडी लावायला प्रतिभा लागते, असा त्याचा समज होता.

मी ऋजुताला फोन केला. ती म्हणाली, "ताई, तो म्हणाला कडी लावलीच नव्हती, मीच घाबरून गोंधळ घातला. मलाही तसंच वाटायला लागलं होतं."

"कडीचा आवाज रेकॉर्ड झालाय. ऐकवू?"

तिने ऐकला. "म्हणजे मला भास झाला नव्हता," एवढंच म्हणाली.

नवऱ्याचे संवाद निखिलने स्वतः लिहिले होते. फार अभ्यास करावा लागला नसणार.

निखिलला तिसराच टेक हवा होता. आता अडचण त्या नावाची होती. 'निखिल'च्या जागी 'विक्रांत' हवं, म्हणजे स्टुडिओत पडद्याकडे बघत ऋजुतानेच ते पुन्हा बोलायचं. याला डबिंग म्हणतात. ती आली. माईकसमोर उभी राहिली आणि म्हणाली, "हा टेक मी डब करणार नाही. आधीचे दोन मी केलेत, त्यातला एक घ्या."

"आर्टिस्टला कमिटमेंट लागते," निखिल म्हणाला.

"मग कपाटात तू जा. कडी मी लावते."

निर्माते कोपऱ्यात बसले होते. त्यांना कलेपेक्षा एपिसोड वेळेवर जाण्याची काळजी जास्त. "दुसरा टेक लावा," ते म्हणाले. पुढच्या शूटिंगआधी त्यांनी कपाटाची कडीही काढून टाकली.

दुसरा टेक लागला. लोकांना पहिला एपिसोड आवडला, त्यातही कपाटाचा सीन.

पुढे एका कॉलेजच्या कार्यक्रमात निखिल मुलांना सांगत होता, की तो सीन त्याने नटीला खरोखर कोंडून मिळवला. टाळ्या पडल्या. मी प्रेक्षकांतून हात वर केला. "तो टेक एपिसोडमध्ये नाही. जो दिसतो, तो तिचा अभिनय आहे."

"नेक्स्ट क्वेश्चन," निखिल म्हणाला.

हल्ली नवं काम आलं की मी दिग्दर्शकाला नंतर भेटते. आधी त्याच्याबरोबर काम केलेल्या नटांना फोन करते.