काड्यांची टिकटिक

जुने रॉक अल्बम नव्याने बाजारात आणताना कंपन्यांनी त्यांची माती केली, हे मी इंटरनेटवर ठणकावून लिहायचो. आमच्याकडे डोंगर सपाट करून प्लॉट पाडतात ना, तस्संच. हळू आवाज वर ओढायचे, मोठे कापायचे, सगळं एका पातळीत. डोंगर वाचवायच्या मोर्च्यांची पत्रकं लिहून हात तयार होता, शिव्या कमी पडत नव्हत्या.

मग म्हटलं, नुसतं बोंबलायचं नाही. आपण करून दाखवायचं.

टाकव्यातले आमचे शेजारी आबा लोणावळ्यात एका बंगल्याचे माळी होते. बंगला विकताना मालकाने त्यांना रेकॉर्ड प्लेअर आणि इंग्रजी रॉकची एक तबकडी दिली. आबांना त्यातला शब्द कळत नाही, पण सूर न् सूर पाठ. उजवा कान गेलाय. डाव्याचं डॉक्टर म्हणाले, वर्षभर धरा.

"कान जायच्या आत येकदा बिनखरखरीचं ऐकव," आबा म्हणाले.

तबकडी धुतली, लॅपटॉपवर उतरवली, खरखर काढायचं सॉफ्टवेअर फुल्ल जोरात फिरवलं. एकदम स्वच्छ! छाती फुगवून आबांच्या कानाला हेडफोन लावले.

दुसऱ्या गाण्याला त्यांनी डोळे उघडले. "काड्यांची टिकटिक कुटं गेली?"

"कसली टिकटिक?"

"ढोलवाला आधी काड्या वाजवतो. चार येळा. मंग समदे सुरू व्हत्यात. बंगल्याच्या खिडकीतनं ती आली की मी झारी खाली ठिवायचो."

"आबा, खरखर असेल ती."

"मला काडी आन खरखर कळंना व्हय? लय शहाणा! पत्रकात लिवतो डोंगर तोडू नका, आन हितं सोताच जेसीबी घातला."

घरी येऊन मूळ फाईल ऐकली. चारही टिकटिक होत्या. सॉफ्टवेअरने कचरा समजून झाडून टाकल्या होत्या, आणि बटण मी दाबलं होतं. कंपनीने नाही. तेही इंटरनेटवर लिहिलं, तितक्याच ठणकावून.

आता पहिल्यापासून, हाताने. एकेक खरखर शोधायची, ऐकायची, मगच काढायची. एका गाण्याला आठवडा जातो. संध्याकाळी ओट्यावर आबा डाव्या कानाने ऐकतात आणि निकाल देतात: "काढ." "ठिव." एक खरखर तिसऱ्या काडीला अशी चिकटली होती, की काढली तर काडीही जाणार.

आबा म्हणाले, "ऱ्हाऊ दे तिला."

राहू दिली. पहिली बाजू झाली. परवा आबांनी हेडफोनचा आवाज आणखी वाढवायला सांगितला. मी वाढवला, आणि त्याच रात्री पुढच्या गाण्याला बसलो. दुसरी बाजू त्यांचा कान असेतो पुरी करणार. ते बटण न दाबता.