भोंग्यावरून घेतलेले नाव

शालिनीताई दिघे यांना मी पाहण्याच्या आधी ऐकले. वकिली करण्यासाठी साताऱ्याहून उज्जैनला येऊन मला फार दिवस झाले नव्हते. वडील आजारी असल्याची तार आली, म्हणून तारघरात जाऊन घरी ट्रंक कॉल लावला. फोन शेजाऱ्यांकडे होता. त्यांनी आईला बोलावून आणले. पण लाइन इतकी खराब होती की मला आईचे ऐकू येईना आणि तिला माझे. मधल्या ऑपरेटर बाईंना मात्र दोन्हीकडचे ऐकू येत होते. त्या म्हणाल्या, "तुम्ही मला सांगा, मी तिकडे सांगते."

मी म्हणालो, "वडिलांच्या प्रकृतीविषयी विचारा."

त्यांनी उलट विचारले, "घरी तुम्हाला काय म्हणतात?"

"बापू," मी ओशाळून सांगितले.

मग त्यांचा आवाज आला, "आई, बापू विचारतोय, बाबा जेवले का?"

बाबा दूधभाकरी जेवले होते. दुसऱ्या दिवशी मी आभार मानायला गेलो, तर ताई म्हणाल्या, "तुमची आई आधीच घाबरून राहिली होती. त्यात प्रकृती वगैरे म्हटलं असतं, तर बसलीच असती खाली." त्या दिवसापासून आमचा परिचय आहे आणि साधारण तेव्हापासूनच आमचे भांडणही आहे.

भांडण भाषेचे आहे. ताईंच्या सासरचे पूर्वज शिंदेशाहीत दफ्तराचे काम करायला इकडे आले आणि इथलेच झाले. त्यांच्या घरची मराठी हिंदीच्या अंगाने चालते. भाजीवालीशी माळवी, साहेबांशी हिंदी, घरात मराठी, आणि रागावल्या की तिन्ही एकदम. मी आपल्या इथल्या मराठी मंडळात दर गणेशोत्सवात शुद्ध मराठीवर बोलत आलो आहे. ताई पहिल्या रांगेत बसून ऐकतात. एकदा भाषण संपल्यावर जवळ येऊन म्हणाल्या, "वकीलसाहेब, फार वजनदार बोलता तुम्ही. अर्धं तर माझ्या डोक्यावरूनच निघून गेलं."

"आणि उरलेलं अर्धं?"

"त्या वेळी मी चहाचं पाहायला आत गेली होती."

मंडळाच्या बालवर्गात ताई शिकवतात, पण मुलांचे बोलणे मध्येच सुधारत नाहीत. मी हटकले तेव्हा म्हणाल्या, "आधी तोंड तर उघडू द्या. ते बंद झालं तर तुम्ही सुधारणार काय?" मला हे तेव्हा पटले नाही, आजही पूर्णपणे पटलेले नाही. मुलांना मराठी नीटच शिकवली पाहिजे, हे मी ताईंच्या साठीनिमित्तच्या या गौरवग्रंथातही लिहून ठेवतो. पण बालवर्गात मुले टिकतात ती ताईंमुळे, हेही खरे आहे आणि तेही लिहून ठेवतो.

ताईंची नोकरी आवाजाची होती. रात्रपाळी असो की सणाचा दिवस, त्यांनी कोणाला तोडून उत्तर दिल्याचे मी ऐकले नाही. आता इथल्या फ्रीगंज भागात पानाच्या टपरीशेजारीसुद्धा पिवळ्या पाटीचे एसटीडी बूथ झाले आहे. जो तो स्वतः नंबर फिरवतो. ट्रंक बोर्डावरचे काम उरले नाही, तेव्हा शेवटची काही वर्षे ताईंना बिलांच्या तक्रारी ऐकायला बसवले. त्यांनी त्याचे दुःख केले नाही. "बरं झालं. लोकांना ताटकळावं लागत नाही," एवढेच म्हणाल्या.

मागच्या सिंहस्थात जे घडले ते मी स्वतः पाहिले आहे. महाराष्ट्रातून गाड्या भरभरून येत होत्या, म्हणून प्रशासनाने मंडळाकडे मराठी जाणणारे स्वयंसेवक मागितले. ताईंनी रजा काढली. त्यांची आणि माझी नेमणूक रामघाटाजवळच्या खोया-पाया केंद्रात झाली. हरवलेली माणसे तिथे आणून बसवायची आणि भोंग्यावरून त्यांच्या माणसांना पुकारायचे, असे काम होते.

एका दुपारी हवालदारांनी गिरजाबाई नावाच्या म्हाताऱ्या बाईंना आणले. त्या बुलढाण्याकडच्या होत्या. घाटावर लोंढा आला आणि नवऱ्याचा हात सुटला. नवऱ्याच्या दोन्ही डोळ्यांत मोतीबिंदू. त्यांना पायरी दिसत नव्हती आणि पायऱ्यांच्या खाली शिप्रेचे पाणी होते. 

हवालदारांनी विचारले, "अम्मा, पति का नाम?"

बाईंनी पदर तोंडावर ओढला. मी मराठीत विचारले, तर त्यांनी मानच फिरवली.

"अम्मा, नाम नहीं बताओगी तो ढूँढेंगे किसको?"

"आमच्या मालकाले आवाज द्या ना," त्या पदराआडून म्हणाल्या.

मग आम्ही त्यांच्याच नावाचा पुकारा केला. दोन म्हातारे लगबगीने आले, आणि ही आपली गिरजाबाई नव्हे असे पाहून परत गेले. तेव्हा बाई म्हणाल्या, "ते मले गिरजा कुठी म्हनतात? अवं म्हनतात."

ताई त्यांच्याजवळ खाली बसल्या. पाणी दिले. नाव विचारलेच नाही. "लग्नाला किती वर्षं झाली, मावशी?"

"काय मालूम बाई. माहे दात पडत व्हते."

"आता पुन्हा पडून राहिलेत."

बाई त्या स्थितीतही हसल्या. ताईंनी विचारले, "मग लग्नात नाव कसं घेतलं?"

"ते उखान्यात. उखान्यात घेतलं तं चालते."

"मग आता घ्या."

"इथं? एवढ्या मानसाइत?"

"आधी मी घेते," म्हणून ताई माइककडे गेल्या. तिथल्या पोलीस अधिकाऱ्यांनी त्यांना अडवले. "मैडम, यह सूचना केंद्र है. यहाँ कविता नहीं चलेगी."

"साहब, यह कविता नहीं है," ताई म्हणाल्या, "इनके घर का पता है."

अधिकारी बाजूला झाले. ताईंनी घसा साफ केला आणि सगळ्या रामघाटावर त्यांचा आवाज गेला:

"शिप्रेच्या घाटावर माणसांचा पूर,
मधुकरराव माझे राहू नयेत दूर."

मधुकरराव दिघे त्या वेळी बँकेत काउंटरवर होते, त्यांना यातले काही ठाऊक नव्हते. ताईंनी गिरजाबाईंचा हात धरून त्यांना माइकसमोर उभे केले. बाईंनी डोळे मिटले.  मग एकदम म्हणाल्या:

"कपाशीच्या रानात पांढरं बोंड,
तुळशीरामाचं नाव घ्याले लाजलं माहं तोंड."

घाटावरच्या मराठी यात्रेकरूंमध्ये हसू पसरत गेले. कोणी टाळ्या वाजवल्या. आम्ही मात्र पायऱ्यांकडे डोळे लावून उभे होतो. बऱ्याच वेळाने एक पंडे एका म्हाताऱ्या गृहस्थांना दंडाला धरून घेऊन आले. म्हणाले, "ये बाबा तो पानी के पास बैठे थे. भोंगा सुना तो रोने लगे, कि मेरी घरवाली बोल रही है."

तुळशीरामजींनी हाताने चाचपून बायकोचा खांदा शोधला आणि दरडावून विचारले, "एवढ्या लोकाइत माहं नाव घेतलं?"

"हात कोनं सोडला?" गिरजाबाई म्हणाल्या.

 मग तुळशीरामजी हलक्या आवाजात म्हणाले, "पुन्हा घे. मले नीट आयकू नाही आलं."

भाषा हे केवळ साधन आहे, सदऱ्यासारखी बदलता येते, असे हल्ली शिकलेली माणसे मला ऐकवतात. मुलांना इंग्रजी शाळेत घालताना आपल्या मंडळातली माणसेही हेच म्हणतात. माझे त्यांना आव्हान आहे. गिरजाबाईंच्या तोंडून ते नाव दुसऱ्या कोणत्याही भाषेत काढून दाखवा. नवऱ्याचे नाव घ्यायचे नाही हा संकोच त्यांना त्यांच्या भाषेने दिला होता, आणि तो न मोडता नाव घेण्याची वाटही तिनेच दिली होती. तो संकोच असावा की नसावा, यावर मी आणखी एक भाषण करू शकतो. त्या दुपारी पाण्याच्या काठावर एक माणूस बसला होता आणि ताईंना ती वाट ठाऊक होती.

ताईंना आता साठ वर्षे पूर्ण होत आहेत. घशाला त्रास होतो म्हणून डॉक्टरांनी कमी बोलायला सांगितले आहे. ताईंनी त्यांचे ऐकावे, अशी हात जोडून विनंती. पुढचा सिंहस्थ फार लांब नाही. केंद्रातल्या माइकसमोर एक खुर्ची मराठीसाठी राखून ठेवावी, असा अर्ज मी प्रशासनाकडे दिला आहे. उत्तर आलेले नाही. येईपर्यंत मी तो देत राहीन. ती खुर्ची मिळवणे माझ्याकडे लागले. तिथे बसायला ताई धडधाकट असोत, आवाज असाच खणखणीत असो, त्या सिंहस्थात आणि त्याच्या पुढच्याही.