मामांचा बैल

माझ्या बायकोच्या मामांइतका चिवट माणूस नाशकात दुसरा झाला नाही, हे मी कोणाशीही पैज लावून सांगेन. शाळेत चित्रकला शिकवायची आणि उरलेल्या वेळात कार्टूनचे सिनेमे स्वतःच लिहायचे, काढायचे, दिग्दर्शित करायचे. आता दिग्दर्शन करायचं कोणाचं, तर स्वतःचंच. "आज फार कामचुकारपणा चाललाय तुझा," असं आरशासमोर स्वतःला दरडावताना मी त्यांना ऐकलंय. आणीबाणीच्या सुमारास त्यांच्या डोक्यात लासलगावच्या बाजारातून एकटाच घरी परतणारा म्हातारा बैल शिरला. सिनेमा पाच मिनिटांचा, चित्रं साडेतीन हजारांवर. बैलाची चाल कळावी म्हणून मामा वही घेऊन बैलगाड्यांच्या मागे मैलोन् मैल चालत. आमच्या लग्नात तर भर पंगतीत ते चार पायांवर आले आणि माझ्या वडिलांना म्हणाले, "व्याही, पुढचा डावा उचलला की मागचा कुठला टेकतो हो?" वडील जिलबी हातात धरून बघतच राहिले.

चार वर्षांनी फिल्म मुंबईहून धुऊन आली. भिंतीवर लावली, तर बैल हीव भरल्यासारखा थडथडतोय! चित्रं एकावर एक नेमकी बसावीत म्हणून प्रत्येक कागदाला दोन भोकं पाडतात. मामांनी निम्म्या कागदांना शाळेच्या पंचिंग मशीनने भोकं पाडली होती, निम्म्यांना घरच्या. दोन्हींत केसभर फरक. मामी म्हणाल्या, "अहो, म्हातारा बैल थरथरणारच. राहू द्या की!"

"म्हातारा आहे, लटपटणारा नाही. पुन्हा काढू."

तोवर मामांची नजर झपाट्याने जात चालली होती आणि डॉक्टरांनी त्यांना डोळ्यांची आशा सोडायला सांगितलं होतं. मामा म्हणत, "आधी डोळे संपतात की सिनेमा, बघूच." उरलीसुरली नजरही घालवताहेत, या रागाने मी त्यांच्याशी महिनाभर बोललो नाही. ते काढत राहिले.

अखेर सिनेमा पुरा झाला, आणि सटाण्याच्या एका शाळेत भर दुपारी खिडक्यांना चादरी बांधून तो दाखवला. मामांना आता पडद्यावर नुसता उजेड दिसत होता.

"नीट चालतोय का हो, जावईबापू?"

मी उत्तर देणार, तोच पुढची एक आजी शेजारणीला ढोसत ओरडली, "सरक ना वं, बैल ई ऱ्हायना!" म्हणजे तिच्या अहिराणीत, सरक, बैल येतोय!

मामांनी माझं मनगट घट्ट धरलं. मला रडू आवरेना. रीळ संपलं, लोकांनी चादरी सोडल्या, तरी ते पडद्याकडे तोंड करून तसेच बसून होते.