झिबागुलच्या नावाची दुआ

झिबागुलचा डावा हात आईच्या पोटातूनच तसा आला, पाचही बोटं एकमेकांना चिकटलेली. आई पोटुशी असताना आमच्या माळावर अणुबॉम्बची चाचणी झाली. घरं पडतील म्हणून शिपायांनी अख्खं गाव बाहेर काढून चरात झोपवलं. आई उठून त्या ढगाकडे बघत राहिली. बघू नको, एवढंसुद्धा मेल्यांनी सांगितलं नव्हतं तिला.

झिबागुलला लग्नासाठी कुणी विचारलंच नाही. धाकट्या भावाची, एरमेकची, बायको बाळंतपणात गेली. त्याची पोर मोल्दिर हिनंच वाढवली, एका धड हातानं.

आज मोल्दिरच्या कानांत डूल घालायला विहीण येणार होती. डूल घातले की सोयरीक पक्की.

एरमेक सकाळपासून चुळबुळत होता. "ताई, आज जरा तू मागच्या खोलीत..."

"बसते रे. तोंड कशाला पाडतोस? हा हात बघून बाई उठून गेली, तर पोरीचं काय?"

पडद्याआडून तिला सगळं ऐकू येत होतं. विहीण कुंदिझ शहरातली, चौकशीला पक्की. तिनं सात पिढ्यांचे बाप विचारले. एरमेकनं ते घडाघडा सांगितले.

"पुरुष झाले. बहीण नाही का तुम्हाला?"

"होती," एरमेक म्हणाला. "झिबागुल."

झाली का पंचाईत! गेलेल्या माणसाचं नाव निघालं की आमच्यात दुआ म्हटल्याशिवाय घास उचलत नाहीत, हे त्या बावळटाच्या डोक्यातच आलं नाही.

"अहो, मग आधी नाही का सांगायचं?" कुंदिझ हळहळली. "हात पसरा सगळ्यांनी." आणि तिच्या नवऱ्यानं दुआ सुरू केली.

आता मोल्दिर बोलेल, असं झिबागुलला वाटलं. तिनं बोलू नये, असंही वाटलं. बोलली तर डूल जातील. पण एकदा, नुसतं एकदा, 'आत्या आत बसलीय' असं कुणीतरी म्हणायला हवं होतं. इतकं एकटं तिला उभ्या जन्मात वाटलं नव्हतं.

दुआ संपली. "आमीन," कुंदिझ म्हणाली. "आमीन," एरमेकचा आवाज चिरकला. मग जरा वेळानं, खालच्या आवाजात, मोल्दिर म्हणाली, "आमीन."

झिबागुलनं दोन्ही हात तोंडावरून फिरवले आणि आवाज न करता तीही आमीन म्हणाली.