बागडण्याची व्युत्पत्ती

चहा निवतोय, आधी घ्या. माझा मूर्खपणा सांगतोच, पण हसा जरा जपून. मला तो अजून दुखतो.

अठ्ठ्याहत्तर साल असेल. मी हरसूलला मास्तर. बायको आणि वर्षाची मुलगी नाशकात, भाड्याच्या दोन खोल्यांत. शनिवारी एसटीने घरी जावं, तर मुलगी मला परका समजून भोकाड पसरायची. फार वाईट वाटायचं हो. बदलीचा अर्ज केला होता. हेडमास्तर म्हणाले, "तपासणीला साहेब येतायत. त्यांचा शेरा चांगला पडला की सुटलात."

साहेब आले ते थेट माझ्या वर्गात. धड्यात शब्द निघाला, बागडणे.

"गुरुजी, अर्थ?"

"आनंदाने उड्या मारणे, साहेब."

"छान. आणि हा शब्द आला कुठून?"

आता माणसानं गप्प बसावं की नाही? पण मला नाशिक दिसत होतं. दिलं ठोकून, "बागेवरून, साहेब. मुलं बागेत जे करतात ते बागडणे."

पहिल्या बाकावरची सोनी उभी राहिली. "गुरुजी, आमचं करडू लय बागडतं. आमच्याकडं बाग नाय."

वर्ग हसला. साहेब माझ्याकडे बघायला लागले. अजूनही माघार घेता आली असती. पण छे.

"करडाच्या त्या नुसत्या उड्या," मी म्हणालो. "खरं बागडायला बागच लागते, साहेब. त्याशिवाय मुलांना हा शब्द कळायचाच नाही." आणि फरक दाखवायला टेबलापुढे दोन उड्या मारल्या. एक करडाची, एक बागेतली.

साहेबांनी माझी पाठ थोपटली. मी मनातल्या मनात ट्रंक भरायला घेतली.

संध्याकाळी हेडमास्तरांनी शेरेबुक पुढे सरकवलं. मान खाली घालूनच. 'शिक्षक कल्पक आहेत. त्यांच्याकडून शाळेत बाग करून घ्यावी. बाग बहरेपर्यंत त्यांची बदली करू नये.'

त्या मुरमाड आवारात मी चार वर्षं जास्वंदी लावल्या. पावसात वाहून जायच्या, उन्हाळ्यात वाळायच्या, उरलेल्या सोनीचं करडू खायचं. करडाची शेळी झाली, तिला करडं झाली, तीही खायला येऊ लागली.

त्या चार वर्षांत मुलगी नाशकात चालायला शिकली, बागडायलाही शिकली. ते बघायला मी नव्हतो.

पाचवीत गेल्यावर एकदा तिनंच विचारलं, "बाबा, बागडणे हा शब्द कुठून आला?"

"माहीत नाही गं," मी म्हणालो.

बघा, किती सोपं होतं.